डावीकडची भिंत

दुसऱ्याची मॅच बघायच्या तीन तऱ्हा होत्या, आणि बारक्याने त्या आपल्या बहिणीला एका बैठकीत शिकवल्या. पहिली वरून. सगळं शहर नकाशासारखं खाली पसरलेलं, त्यात पाच निळे ठिपके आणि पाच तांबडे. दुसरी मोकळी. कॅमेरा हातात घेऊन भुतासारखं कुठेही फिरायचं, भिंतीतूनसुद्धा आरपार जायचं. तिसरी खेळणाऱ्याच्या डोळ्यांतून. त्याला जे दिसतं तेच आपल्याला दिसणार, त्याला जे ऐकू येतं तेच आपल्यालाही.

"तू तिसरीने बघ," तो म्हणाला. "आणि हेडफोन लावून बघ."

खेळ समजायला सोपा होता. एक पडकं शहर, मधोमध पाण्याची टाकी, पाचजणांच्या दोन टोळ्या. टाकी ज्याच्या ताब्यात राहील तो जिंकला. बारक्या हे गेली चार-पाच वर्षं खेळत होता. दिवसा एका गोदामात पार्सलं बांधायची आणि संध्याकाळी हे. आईच्या मते दोन्ही कामं सारखीच होती, दोन्हीत तो खुर्चीला किंवा खोक्याला चिकटलेला. पण आता एका मोठ्या टीमने त्याला बोलावलं होतं. निवड झाली तर वर्षभराचा करार, दुसऱ्या शहरात टीमच्या घरी राहणं, आणि हेच काम. त्याने गोदामातल्या साहेबांना महिनाअखेरीस सोडतो असं सांगूनही टाकलं होतं. निवडीची शेवटची मॅच रविवारी होती.

आणि नेमकं आता त्याचं काहीतरी बिघडलं होतं. त्याच्या सध्याच्या टीमची कप्तान, दिवसा कुठल्याशा बँकेत बसणारी आणि बारक्याने कधी प्रत्यक्ष न बघितलेली एक मुलगी, त्याला सांगून थकली होती की तू उलटा वळतोस. शत्रू एका बाजूने येतो आणि तू भलतीकडे बघतोस, मग गरगर फिरून शोधतोस. टीमने त्याचं नाव भिंगरी ठेवलं होतं. आधी कौतुकाने, मग नुसतंच.

"तुला प्रत्येक गोष्टीचं कारण लागतं ना," बारक्या बहिणीला म्हणाला. "मग शोध. माझं काय चुकतंय ते तूच सांग."

बहिणीला घरात सगळे ताई म्हणत. आईबाबासुद्धा. ती कानांच्या दवाखान्यात तपासनीस होती. दिवसभर माणसांना काचेच्या खिडकीच्या आवाजबंद पेटीत बसवायचं, कानात एकेक स्वर सोडायचा, ऐकू आला की माणूस बटण दाबतो, बाहेर दिवा लागतो. स्वर बारीक करत न्यायचा. दिवा लागायचा थांबतो तिथे टिंब. सगळी टिंबं जोडली की कानाचा आलेख तयार. हे काम तिने का धरलं हे विचारायची कोणाला गरज नव्हती. बाबांना ऐकू येत नसे.

बाबा छापखान्यात होते, आणि यंत्रांनी त्यांचे कान खाल्ले असं नातेवाईक म्हणत. घरालाही ते सोयीचं वाटे, कारण मग ती पीडा छापखान्याच्या दारातच संपत होती. पण बाबांच्या आईलाही उतारवयाच्या पुष्कळ आधी ऐकू येईनासं झालं होतं, आणि तिने छापखाना कधी आतून बघितलेला नव्हता. दवाखान्यातल्या मोठ्या डॉक्टरीणबाईंनी ताईला एकदाच, चहा पिताना, स्पष्ट सांगितलं होतं की हे रक्तातलं आहे, मुलांपैकी कोणात उतरू शकतं. तेव्हापासून ताई दरवर्षी स्वतः पेटीत बसे. दरवर्षी आलेख सरळ येई आणि तिचा जीव भांड्यात पडे. बारक्या मात्र कधी बसला नाही. आईचं ओरडणं मला दोन खोल्या पलीकडून ऐकू येतं, याहून मोठी तपासणी तुझ्या दवाखान्यात आहे का, असं म्हणून तो विषय उडवून लावी. ताईनेही फार ताणलं नाही. घरात चोवीस तास डोळ्यांसमोर असलेल्या माणसाचं काही बिनसलं तर आपल्याला कळेलच, अशी तिची खात्री होती.

पण ते घर कसं होतं ते सांगायला हवं. तिथे कोणी कोणाशी पाठीमागून बोलत नसे. आधी खांद्याला हात, मग समोर येणं, मग बोलणं. लांबून बोलवायचं असेल तर खोलीतला दिवा दोनदा मिचकावायचा. जेवायला बसल्यावर टेबलावर दोन टकटका दिल्या की सगळ्यांनी तिकडे बघायचं. बोलताना ओठ झाकायचे नाहीत, तोंडात घास ठेवून बोलायचं नाही, दोघांनी एकदम बोलायचं नाही. बाबांसाठी लावून घेतलेल्या या सवयी इतक्या अंगवळणी पडल्या होत्या की बाबा बाहेर गेले तरी तिघं तशीच वागत. पाहुण्यांना वाटे, काय मायाळू कुटुंब आहे, सारखी एकमेकांच्या खांद्यावर हात ठेवतात. अशा घरात कोणाचा कान गेला तर कळणार कसा? कानावाचून चालावं अशीच तर त्या घराची घडण होती.

हे ताईला त्या आठवड्यापर्यंत सुचलं नाही.

ताई त्याच्या मॅचची रेकॉर्डिंगं बघू लागली ती दुपारच्या सुट्टीत, डबा खाताना, फोन पाण्याच्या बाटलीला टेकवून. आवाज बंद करून. दिवसभर किणकिण ऐकल्यावर जेवताना तिला कानाला काही नको असे. बारक्या हेडफोन लाव म्हणाला होता, पण गोळ्यांचे आवाज ऐकून काय मोठं कळणार, असं तिला वाटलं. जे घडतं ते समोर दिसतंच आहे.

शास्त्र शिकलेली असल्यामुळे तिने पद्धतशीर सुरुवात केली. पहिली शंका नजरेवर. पण लांबच्या खिडकीत डोकावलेलं डोकं त्याला तिच्या आधी दिसत होतं. दुसरी शंका हाताच्या चपळाईवर. तीही टिकली नाही, कारण समोरासमोर गाठ पडली की बारक्याची गोळी नेहमी आधी सुटे. कप्तानही हेच म्हणत होती, समोरून याच्यासारखा दुसरा नाही. तो मरत होता तो बाजूने आणि मागून. म्हणजे लक्ष कमी पडतं, असा निष्कर्ष काढून ताईने बुधवारी जेवताना टेबलावर दोन टकटका दिल्या आणि त्याला सांगितलं की तू समोर फार गुंततोस, झोप पुरी घे.

बारक्याने मान हलवली. मग विचारलं, "हेडफोन लावून बघितलंस का?"

ती म्हणाली, बघते. तो पुन्हा ताटाकडे वळला. आईने या खेळापायी घरातल्या दोघांची झोप उडणार का असं विचारलं, आणि बाबा सगळ्यांच्या ओठांकडे आळीपाळीने बघत हसले.

गुरुवारी दुपारी डबा खायच्या खोलीत कोणी विक्रेता नवं यंत्र मांडून बसला होता. ताईचा सव्वादोनचा पेशंट आला नाही. ती डबा घेऊन पेटीत जाऊन बसली, दार ओढून घेतलं, आणि केवळ हाताशी होते म्हणून तिथले चांगले हेडफोन फोनला जोडून डोक्याला लावले.

रेकॉर्डिंग तिने आधी बघितलेलंच होतं. बारक्या टाकीच्या पायथ्याशी एका गल्लीत उभा होता, आणि आता मरणार हे तिला माहीत होतं. पण या वेळी गल्ली बोलत होती. वारा, लांबवर पत्र्याची खडखड, बारक्याच्या पात्राचा श्वास. आणि मग तिच्या डाव्या कानामागे कोणीतरी काचेवर पाय दिला. कर्र.

ताईने चमकून डावीकडे मान वळवली. पेटीच्या भिंतीवरचं भोकांभोकांचं अस्तर तेवढं दिसलं.

पडद्यावर बारक्या उजवीकडे वळला होता.

तिने ते मागे नेऊन पुन्हा ऐकलं. काच डावीकडे फुटत होती, तो उजवीकडे वळत होता, तिथे कोणी नाही असं बघून गर्रकन फिरत होता, आणि तोवर उशीर झालेला असे. दुसरी मॅच लावली. तिथे जिन्यावरची पावलं डावीकडून येत होती, चांगली दाणदाण, आणि तो हललाही नाही. तिसरीत उजवीकडून कोणी आलं तर तो चित्त्यासारखा वळला.

कारण सांगायला पुस्तक उघडायची गरज नव्हती. डावीकडच्या आवाजाचा थोडा अंश उजव्या बाजूलाही पोचतो. एक कान मेला तर उरलेला कान तेवढ्यावर समजूत करून घेतो की आवाज आपल्याच बाजूला झाला. तो मुद्दाम उलटा वळत नव्हता. ऐकू येत होतं तिकडेच वळत होता.

डबा तसाच राहिला. तिने त्याची जुनी रेकॉर्डिंगं शोधली, वर्षापूर्वीची, मग त्याआधीची. जुना बारक्या भर रस्त्याने, चौकातून, गच्चीच्या मधून धावे. अलीकडचा बारक्या कडेकडेने चाले. आणि कड नेहमी एकच. कुठल्याही गल्लीत, कुठल्याही खोलीत शिरला की तो भिंत आपल्या डाव्या अंगाला घेई. त्यासाठी लांबचा रस्ता पत्करी. भिंत संपली की पुढची भिंत येईपर्यंत दर थोड्या वेळाने वळून मागे बघे. टीम ज्याला भिंगरी म्हणून हसत होती ते हेच.

म्हणजे त्याला माहीत होतं. किंवा निदान त्याच्या पायांना तरी माहीत होतं.

शुक्रवारी ती त्याच्या खोलीच्या दारात गेली. दिवा दोनदा मिचकावला, आत गेली, समोर बसली. सांगायचं काय हे तिने दिवसभर घोकलं होतं आणि त्यातलं काहीच आता बरोबर वाटेना. रविवारच्या आधी सांगावं तर हातपाय गाळून बसेल. न सांगावं तर एवढं शिकून काय उपयोग. या तपासणीचा निकाल अनोळखी माणसांना ती रोज सांगत असे, शांतपणे, समोर पाण्याचा पेला ठेवून.

"डावीकडे भिंत धरून खेळ," ती म्हणाली.

बारक्याने तिच्याकडे नीट बघितलं. "तेच तर करतोय की किती महिने."

त्याच्या आवाजात आश्चर्य नव्हतं. दोघांनी थोडा वेळ एकमेकांचे ओठ बघितले, आणखी कोणी काही बोलतं का म्हणून. मग तो म्हणाला की टाकीभोवती भिंतच नाही ना ताई, तिथे काय धरू. तिने विचारलं, निवडीच्या मॅचला आवाजाची खूण पडद्यावर दाखवायची सोय नसते का. नसते, तो म्हणाला, बंद करायला लावतात, सगळ्यांना सारखं असावं म्हणून. एवढं बोलणं झालं आणि त्याने सरावासाठी हेडफोन डोक्याला लावले. कान हा शब्द मात्र दोघांपैकी कोणाच्याही तोंडून आला नाही.

रविवारी दुपारी आईने बाहेरच्या खोलीत टीव्हीवर मॅच लावून घेतली. बघणाऱ्यांना ती दोन मिनिटं उशिरा दिसते, म्हणजे बाहेरच्या कोणी बघून खेळणाऱ्याला चुगली करू नये, हे ताईने तिला समजावलं. आई म्हणाली, म्हणजे आपण शिळं बघतोय होय. तरी ती नीट साडी सावरून पुढच्या खुर्चीवर बसली, जणू बारक्याला तिथून ती दिसणार होती. बाबा तिच्या शेजारी. ताई मागे, बारक्याच्या खोलीच्या भिंतीला टेकून. त्या भिंतीतून त्याच्या बटणांची टकटक येत होती. पलीकडे आत्ता होत असलेलं तिला ऐकू येत होतं, आणि तेच दोन मिनिटांनी टीव्हीवर दिसत होतं.

तो सुरेख खेळला. पूर्वेकडची रांग त्याने एकट्याने मोकळी केली. आईला नियम ठाऊक नव्हते, पण निळं, म्हणजे बारक्याचं, वाढतंय आणि तांबडं कमी होतंय एवढं कळत होतं. शेवटी दोन्हीकडचा एकेकच उरला. टाकी निळ्यांच्या ताब्यात, खाली उघडा चौक, आणि चौकात बारक्या.

तेव्हाच भिंतीपलीकडची टकटक थांबली. मग खुर्ची मागे सरकल्याचा आवाज. मग हेडफोन टेबलावर ठेवल्याचा, हळू, काच ठेवावी तसा. त्यानंतर काहीच नाही.

"जिंकतोय ना गं?" आईने मागे वळून विचारलं.

"बघू," ताई म्हणाली.

दोन मिनिटं फार मोठी असतात. टीव्हीवर बारक्या अजून जिवंत होता आणि झकास खेळत होता. चौकात उभा राहून तो वळून बघे, पुढे जाई, पुन्हा वळे. आई ओठ घट्ट मिटून खुर्चीच्या कडेला आली होती. ताईला वाटलं उठून टीव्ही बंद करावा. पण बंद केला तर त्याचं कारण सांगावं लागलं असतं.

बाबांनी आईच्या खांद्याला हात लावला. त्यांचा आवाज त्यांना स्वतःला ऐकू येत नसल्यामुळे कधी फार मोठा निघे, कधी नुसता श्वास. या वेळी तो मोठा निघाला.

"मी रस्ता असाच ओलांडतो," ते म्हणाले.

आईने कौतुकाने मान डोलावली. पोराची चाल बापावर गेली एवढंच तिने ऐकलं असावं. बाबा मात्र मागे वळले आणि ताईकडे बघत राहिले. तिने मान खाली घातली. तेवढं त्यांना पुरलं. ते पुन्हा टीव्हीकडे वळले तेव्हा त्यांचा हात आईच्या खांद्यावरच होता, पण बोटं आवळलेली होती.

पडद्यावर डावीकडून पावलं आली. मोकळ्या फरशीवरची, लपायचा प्रयत्नही न करणारी. आईनेसुद्धा त्या बाजूला मान वळवली. बारक्या उजवीकडे वळला.

निवड झाली नाही, असा संध्याकाळी कप्तानचा निरोप आला. चांगल्या शब्दांत होता. समोरासमोर तुझ्यासारखा कोणी नाही असं तिने पुन्हा लिहिलं होतं, आणि पुढच्या वर्षी बघू असंही. पुढच्या वर्षी काय बघणार हे ताईला तिच्यापेक्षा जास्त माहीत होतं, कारण आलेखाची अशी रेघ दरवर्षी थोडी खाली जाते, वर कधी येत नाही, आणि बाबांचीही एकाच कानाने सुरू झाली होती.

आईने त्याला गोदामातल्या साहेबांशी परत बोलून बघ म्हटलं. तो बरं म्हणाला. मग स्वयंपाकघरात ताईच्या खांद्याला हात लावून समोर आला आणि विचारलं, "तुझी ती पेटी कधी रिकामी असते?"

"उद्या सव्वादोनला," ती म्हणाली. "तू आधीच का नाही बोललास?"

"मी सांगितलं असतं तर मीच ते कबूल केल्यासारखं झालं असतं. मला वाटलं, तू बघशील आणि म्हणशील, छे, काही झालेलं नाही, झोप पुरी घे." तो किंचित हसला. "म्हणालीस की तसं."



सोमवारी तो आला, केस नीट विंचरून, मुलाखतीला यावा तसा. तिने त्याला पेटीत बसवलं, हेडफोन लावले, बटण हातात दिलं. बाहेर येऊन यंत्रापाशी बसली. काचेतून तो तिच्याकडेच बघत होता. तिच्या चेहऱ्याकडे नव्हे, खांद्याकडे. तपासनीस स्वर सोडतो तेव्हा त्याचा खांदा केसभर हलतो, आणि बाबांनी आपल्या पहिल्या तपासणीत अर्धा आलेख असाच काचेतून चोरला होता. न ऐकता बघायची ती खोड घरचीच.

ती परत आत गेली आणि त्याची खुर्ची भिंतीकडे फिरवली. त्याने विरोध केला नाही. नुसता म्हणाला, "ही चिटिंग आहे हं."

उजवा कान आधी. दिवा लागला, लागला, बारीक स्वरालाही लागला. मग डावा. तिने स्वर सोडला. दिवा नाही. वाढवला. नाही. आणखी बराच वाढवला तेव्हा दिवा झटकन लागला, आणि ध्वनिक्षेपकातून त्याचा आवाज आला, आनंदलेला.

"आला. उजवीकडून आला."

तिने डाव्या कानात सोडला होता. अशा वेळी दुसऱ्या कानात खरखर भरायची असते, म्हणजे चांगला कान वाईटाचं ओझं उचलत नाही. तिने उजव्या कानात खरखर सोडली आणि डाव्यात पुन्हा तोच स्वर. दिवा लागला नाही. काचेपलीकडे त्याची पाठ दिसत होती, ताठ, डोकं किंचित पुढे, अंगठा बटणावर, चौकात उभा असावा तसा, ऐकायला टपलेला. ज्या घरात कोणी पाठमोऱ्याशी बोलत नाही तिथली ती होती, त्यामुळे काही न बोलता तिने स्वर आणखी एक पायरी वाढवला, आणि दिव्याकडे बघत राहिली.